गिबन सत्तरीच्या रानात का नाही?

आपण गोव्यातल्या सत्तरी तालुक्यातील एका शाळेत विज्ञान शिकवता आणि आपल्या विद्यार्थ्यांनी एकाच तासाला तीन प्रश्न विचारले, असे आपण कळवले आहे. आपल्या डोंगरांवर एवढा पाऊस पडतो, बारमाही हिरवे रान आहे, तर पुस्तकातल्या चित्रात दिसणारा लांब हातांचा गिबन इथे का नाही, हा पहिला प्रश्न. जगभरच्या जंगलांतली माकडे आपल्या माकडा-वांदरांचे भाऊबंदच आहेत का, हा दुसरा. आणि कुळागरात, म्हणजे माड-पोफळी-केळींच्या बागेत, उतरणाऱ्या माकडांना कोणी केळी-बिस्किटे घालतो, कोणी फटाके लावून पिटाळतो, यांतले योग्य काय, हा तिसरा. मी काही वर्षे आसामात गिबनांच्या मागे रानोमाळ हिंडलो आहे आणि त्यानंतरचा सगळा काळ गोव्यातल्या कळपांच्या नोंदी ठेवण्यात गेला आहे, म्हणून हे उत्तर जरा सविस्तर लिहितो. तिन्ही प्रश्न वरवर वेगळे दिसले, तरी त्यांच्या मुळाशी एकच गोष्ट आहे: एका झाडाची फांदी शेजारच्या झाडाच्या फांदीला लागते की नाही.

प्रथम शब्दांविषयी, कारण मराठीत यासाठी चांगले शब्द आधीपासून आहेत आणि आपण ते एकमेकांत मिसळून टाकतो. लाल तोंडाचे, डोक्यावर केसांचा भोवरा असलेले ते माकड; शेजारी दोडामार्ग-सावंतवाडीकडे त्यालाच केल्डे म्हणतात. काळ्या तोंडाचा, लांब शेपटीचा, काळ्या हातापायांचा तो वानर किंवा वांदर. आणि ज्यांना शेपूट अजिबात नसते ते कपी. गिबन हा कपी आहे, माकड नव्हे. चिंपांझी, गोरिला, ओरांगउटान आणि माणूस ज्या घराण्यात बसतात त्याच्याच शेजारच्या घराण्यात गिबन बसतो. फक्त तो अंगाने लहान, सहा ते नऊ किलोंचा. सुमात्रा आणि मलायातला सियामांग तेवढा दहा-बारा किलोंपर्यंत जातो. गिबनांच्या सुमारे वीस जाती आज मानतात आणि त्या ईशान्य भारत, बांगलादेश, म्यानमार, दक्षिण चीन, इंडोचायना यांपासून जावा-बोर्निओपर्यंत पसरलेल्या आहेत. या वीसही जातींत एक गोष्ट समान आहे, ती म्हणजे पायापेक्षा कितीतरी लांब हात.

हे हात कसे चालतात ते जवळून पाहिल्याशिवाय गिबन समजत नाही. आसामात जोरहाटजवळ हूलोंगापार नावाचे छोटे अभयारण्य आहे, जेमतेम २१ चौरस किलोमीटरांचे. तेथे एका थंड सकाळी माझ्या डोक्यावर साधारण पंचवीस मीटरांवर हूलॉक या भारतात आढळणाऱ्या गिबनाची एक मादी एकाच हाताने लोंबकळत वडाच्या जातीच्या झाडाची फळे खात होती. दुसऱ्या हाताने ती फांदी ओढून घेई, एकेक फळ दाबून पाही, कच्चे सोडून देई आणि पिकलेले तोंडात टाकी. पोटाला फिकट, जवळजवळ दुधी रंगाचे पिल्लू करगोट्यासारखे वेढून बसले होते. खाणे झाल्यावर तिने अंगाला किंचित झोका दिला आणि ती गेली. उडी मारली असे मला म्हणवत नाही, कारण पायांचा काही संबंधच नव्हता. एक हात सुटला की दुसरा पुढच्या फांदीत अडकलेला असे, आणि मधल्या क्षणी सगळे शरीर हवेत. मनगटाचा सांधा उखळीत बसवलेल्या गोळ्यासारखा असल्यामुळे लोंबकळत असताना तिला अख्खे अंग फिरवता येते. बोटे आकड्यासारखी वाकतात आणि अंगठा तळहातात खोल बसवलेला असल्याने मध्ये येत नाही. घड्याळाच्या लंबकाला जशी प्रत्येक फेरीला नवी ताकद लागत नाही, तसेच या झोक्याचे आहे.

पण या कौशल्याची किंमत असते. १९३७ साली थायलंडमधून जमवलेल्या गिबनांच्या सांगाड्यांची नंतर तपासणी झाली, तेव्हा सुमारे एक-तृतीयांश सांगाड्यांत मोडून पुन्हा जुळलेली हाडे सापडली. म्हणजे रानातला इतका तरबेज प्राणीसुद्धा वाळकी फांदी हाती आली की पडतो. तरी तो झाड सोडत नाही. जमिनीवर गिबन दोन पायांवर, हात वर धरून, तोल सांभाळत चालतो. बिबट्या किंवा कुत्रा आला तर त्याचा निभाव लागणे कठीण. पाण्यात तर तो उतरतच नाही.

आता पहिल्या प्रश्नाचे उत्तर देता येईल. हूलॉक भारतात ब्रह्मपुत्रेच्या दक्षिणेकडच्या रानांत आहे. उत्तरेकडच्या काठावर, तसेच घनदाट रान असूनही, तो नाही. एका नदीने एवढा फरक पडतो. मग मेघालयाच्या डोंगरांपासून सह्याद्रीपर्यंतची वाट डोळ्यांसमोर आणून पाहा: मध्ये गंगेचे खोरे, मग मध्य भारताची आणि दख्खनची पानगळीची रुक्ष राने, ज्यांत उन्हाळ्यात झाडे उघडी पडतात आणि कित्येक महिने फळ मिळत नाही. गिबनाला बाराही महिने पिकलेली फळे लागतात. वड-पिंपळ-उंबराच्या कुळातली झाडे इतरांचा हंगाम संपल्यावरही फळतात, म्हणून ती त्याची आधाराची झाडे. शिवाय गिबनाचे कुटुंब लहान, नर-मादी आणि दोन-तीन पिल्ले एवढेच. दोन-तीन वर्षांनी एक पिल्लू होते, आणि ते वयात आले की आईबापांच्या हद्दीला लागूनच कुठेतरी नवे घर शोधते. अशी हळूहळू सरकणारी वस्ती उघडे माळ ओलांडून शेकडो मैलांवर पोहोचत नाही. आपल्या सह्याद्रीत पाऊस कमी पडला म्हणून गिबन नाही असे नव्हे. तो येऊ शकेल अशी सावलीची वाट मध्ये राहिलेली नव्हती, असे समजणे अधिक सयुक्तिक आहे.

तरी भारताशी त्याचे नाते फार जुने आहे, आणि ही गोष्ट मुलांना जरूर सांगा. जम्मूतील रामनगर येथे सापडलेल्या एका खालच्या दाढेचे वर्णन २०२० साली प्रसिद्ध झाले. ती सुमारे १ कोटी ३० लाख वर्षांपूर्वीच्या, गिबनांच्या घराण्यातल्या एका प्राण्याची असावी असे तेव्हा मांडले गेले, मात्र याविषयी अभ्यासकांत एकमत नाही. त्या प्राण्याला शास्त्रीय नाव दिले ते आपल्याच शब्दावरून: कपी रामनगरेन्सिस. आज जेथे शिवालिकच्या टेकड्या आहेत, तेथे एके काळी त्याला पोसण्याजोगे रान होते. चीनमध्येही जुन्या चित्रांत आणि कवितांत गिबन सर्वत्र भेटतो, आणि आज तो देशाच्या दक्षिण टोकाला काही डोंगरांपुरता उरला आहे. हैनान बेटावरच्या जातीची संख्या १९७० च्या दशकात दहाच्या आत आली होती; कसोशीने जपल्यावर ती आता चाळिसाच्या आसपास पोहोचली आहे. २०१४ च्या चक्रीवादळात तेथे दरड कोसळून गिबनांच्या नेहमीच्या वाटेत सुमारे सोळा मीटरांची घळ पडली. पुढच्या वर्षी गिर्यारोहणाच्या दोरांचा पूल बांधला गेला. गिबनांनी तो १७६ दिवस नुसता पाहिला आणि मग एके दिवशी त्यावरून जायला सुरुवात केली. सोळा मीटर म्हणजे आपल्याकडच्या एखाद्या मध्यम रस्त्याची रुंदी. हूलोंगापारमध्ये तर रानाच्या मधून आगगाडीचा रूळ गेला आहे आणि त्याच्या एका बाजूच्या लहान तुकड्यात काही हूलॉक कुटुंबे पिढ्यान् पिढ्या अडकून पडली आहेत. पलीकडच्यांचे गाणे त्यांना रोज ऐकू येते, पण पलीकडे जाता येत नाही.

दुसऱ्या प्रश्नाकडे वळतो. जगातल्या माकडांचे दोन मोठे वाडे आहेत. आशिया-आफ्रिकेतील माकडांच्या नाकपुड्या जवळजवळ आणि खाली वळलेल्या असतात, बुडाला घट्टे असतात, आणि एकाही जातीला शेपटीने फांदी धरून लोंबकळता येत नाही. दक्षिण आणि मध्य अमेरिकेतील माकडांच्या नाकपुड्या दूर आणि बाजूला उघडणाऱ्या. त्यांतल्या कोळी-माकड, हाउलर, वूली यांसारख्या काही जातींची शेपूट म्हणजे पाचवा हातच, तिच्या टोकाला आतल्या बाजूने तळहातासारखी उघडी, रेषा असलेली कातडीही असते. आपला वांदर शेपटीला लोंबकळलेला चित्रकार दाखवतात, ते चूक आहे. त्याची शेपूट तोल सांभाळण्यासाठी असते. आकारांतला फरकही ध्यानात घेण्याजोगा आहे: अॅमेझॉनमधले पिग्मी मार्मोसेट शंभर-सव्वाशे ग्रॅमचे, म्हणजे मुठीत मावेल एवढे, तर मध्य आफ्रिकेतला मँड्रिल नर तीस किलोंच्या घरातला. बोर्निओतल्या लांब नाकाच्या माकडाची वस्ती खारफुटीत असते आणि ते नद्या पोहून पार करते. मांडवीकाठच्या मुलांना हे ऐकून विशेष आनंद होतो असा माझा अनुभव आहे.

गोव्याच्या मुलांसाठी मात्र मी यातून एकच उदाहरण निवडीन, ते काजूचे. काजू आपल्याकडे सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी ब्राझीलहून आणला. तो मूळचा जिथला, त्या ईशान्य ब्राझीलमध्ये दाढीवाली कापुचिन माकडे राहतात. काजूच्या टरफलातल्या डिकाने कातडी कशी उठते हे बिया भाजणाऱ्या कोणत्याही गोंयकाराला सांगावे लागत नाही. ती माकडे ताज्या बिया दगडाच्या ऐरणीवर ठेवून दुसऱ्या दगडाने फोडतात आणि गर काढून खातात. सेरा दा कापिव्हारा या राष्ट्रीय उद्यानात पुरातत्त्वज्ञांनी झाडांखाली खणले, तेव्हा माकडांनी वापरलेले आणि काजूच्या अवशेषांनी माखलेले दगड थरांथरांतून मिळाले. २०१६ साली ते सहा-सातशे वर्षांपूर्वीपर्यंतचे असल्याचे सांगितले गेले आणि २०१९ साली दगड वापरण्याच्या त्या परंपरेचा माग तीन हजार वर्षांपर्यंत गेला. म्हणजे आपल्या पूर्वजांनी काजू पाहण्याच्या कितीतरी आधीपासून माकडे तो फोडून खात होती.

आपले लाल तोंडाचे माकड त्याच झाडावर काय करते ते मार्च-एप्रिलात चोर्ला घाटाच्या पायथ्याशी कोणत्याही बागेत पाहता येईल. मी एका मादीला तासभर पाहिले होते. ती बोंडू तोडते, बी खाली राहील असा धरते, दोन-तीन घास घेऊन रस पिळून काढते आणि चोथा व बी तशीच खाली टाकते. गालाच्या आत तिला दोन पिशव्या असतात, घाई असेल तेव्हा त्या भरून घ्यायच्या आणि सुरक्षित जागी जाऊन सावकाश खायचे. बागाईतदाराच्या दृष्टीने बी खाली मिळते हे खरे, पण निरोसाठी, म्हणजे काजूच्या ताज्या रसासाठी, हवा असलेला बोंडू गेला हेही खरे, आणि त्याचा राग मला समजतो.

वांदराचे पोट अगदी निराळे आहे, आणि तिसऱ्या प्रश्नाचे निम्मे उत्तर त्या पोटात आहे. तो मुख्यतः पाने, कळ्या, कच्ची फळे आणि बिया खाणारा. त्याच्या जठराला गाईसारखे कप्पे असतात आणि त्यांत जंतू पाने आंबवून पचवतात. असे जठर चालायला आतली आम्लता जवळजवळ सम लागते. साखरेचे पदार्थ त्यात गेले की ते भराभर आंबतात, आम्ल वाढते आणि जंतूंचा मेळ बिघडतो. म्हणून पिकलेल्या गोड फळांपेक्षा कच्चे फळ त्याला मानवते. घाटातल्या वळणावर गाडी थांबवून ग्लुकोजचे बिस्कीट वांदराच्या हातात देणारा भाविक मनाने चांगलाच असतो, मारुतीचे नाव घेऊन देतो, पण तो त्या प्राण्याच्या पोटात नको ते घालतो. लाल माकडाला तीच बिस्किटे पचतात, आणि तेथे दुसरे संकट उभे राहते: ते रस्त्याला सोकावते. रानात दिवसातला मोठा भाग खाणे शोधण्यात जातो. रस्त्यावर तेच दहा मिनिटांत मिळाले की कळप तिथेच राहतो, पिल्ले तेच शिकतात आणि पुढचा माणूस रिकाम्या हाताने आला की ती पिशवी ओढतात. तेव्हा खाऊ घालणे पूर्ण बंद, यात मी कोणतीही सूट देणार नाही, शनिवारचीसुद्धा नाही.

पिटाळण्याविषयी मात्र मी इतका कठोर नाही. कुळागर हे कुटुंबाचे पोट आहे आणि शहाळी-केळी-माडांचे नुकसान झालेल्या माणसाला भूतदयेचा उपदेश करणे मला पटत नाही. राखण ठेवावी, कुत्रा ठेवावा, आवाज करावा. पण पकडून दुसऱ्या रानात नेऊन सोडण्याचा जो आग्रह धरला जातो, त्याने काम होत नाही. प्रत्येक रानात आधीच तिथले कळप असतात. नवखे कळप हुसकले जातात आणि सर्वांत जवळच्या वाडीत उतरतात. लाल माकडांत माद्या जन्मभर आपल्याच कळपात राहतात, कळप म्हणजे आज्या-आया-मुलींची वीण. तिच्यातून चार माद्या उचलल्या की मागे राहिलेला कळप अधिक बिथरतो. आणि हे माकड दक्षिण भारताखेरीज जगात कुठेही नाही. रोज दिसते म्हणून त्याला आपण विपुल समजतो, पण ते आज संकटग्रस्ततेच्या यादीत असुरक्षित या वर्गात आहे.

ही माकडे खाली का उतरतात, याचे एक कारण मी डोळ्यांनी पाहिलेले आहे. वाळपईकडे जाणाऱ्या एका रस्त्याच्या दोन्ही बाजूंना माट्टी आणि किंदळ यांची जुनी झाडे होती, वर त्यांची कमान झाली होती, आणि पंधरा-सोळा वांदरांचा एक कळप रोज तिच्यावरून पलीकडे जाई. रस्ता रुंद करताना ती झाडे गेली. त्यानंतरच्या आठवड्यात तोच कळप कडेच्या एका झाडावर पाऊण तास बसून राहिलेला मी पाहिला. मोठा नर खाली उतरे, डांबरावर दोन पावले टाके आणि गाडी आली की परत वर जाई. शेवटी सगळे धावत पार झाले. मागे राहिलेल्या एका वर्षभराच्या पिल्लाने विजेच्या तारेचा मार्ग धरला. ते वाचले, पण पुढच्या दोन वर्षांत त्या तारांवर तीन वांदर मेलेले मी स्वतः नोंदवले. गिबन असता तर तो रस्त्याच्या अलीकडेच संपला असता. वांदर आणि माकड जमिनीवर उतरू शकतात, म्हणून ते अजून आपल्यात आहेत. आणि जमिनीवर उतरावे लागते, म्हणूनच ते आपल्या वाटेत येतात.

आजाराविषयी लिहिल्याशिवाय हे उत्तर पुरे होणार नाही, कारण आपल्या शाळेतल्या मुलांचे पालक काजूच्या बागांत काम करतात. क्यासनूर फॉरेस्ट डिसीज, ज्याला आपण माकडताप म्हणतो, तो विषाणू १९५७ साली कर्नाटकात शिमोगा जिल्ह्यात ओळखला गेला आणि २०१५ पासून सत्तरीतही त्याचे रुग्ण आढळले. तो पसरतो गोचिडींमुळे. माकड आणि वांदर दोघेही या तापाने मरतात, आणि मेलेल्या जनावराच्या अंगावरच्या गोचिडी खाली गळून आसपासच्या पाचोळ्यात पसरतात. डिसेंबर ते मे हा बारीक गोचिडींचा काळ आणि काजूचा हंगाम त्यातच येतो. म्हणून मेलेले माकड दिसले तर हात लावू नये, काठीनेही हलवू नये, त्या जागेजवळ जाऊ नये आणि लगेच वन खात्याला व आरोग्य केंद्राला कळवावे. बागेत जाताना अंग झाकणारे कपडे घालावेत, आल्यावर गरम पाण्याने आंघोळ करून अंग तपासावे, आणि ताप आला तर डॉक्टरांना रानात गेलो होतो हे आपणहून सांगावे. माकड इथे आधी आजारी पडून आपल्याला सावध करते. ब्राझीलमध्ये २०१६ ते २०१८ या काळात पीतज्वराची साथ आली, तेव्हा हाउलर माकडे प्रथम मेली. ती मेल्यामुळेच आरोग्य यंत्रणेला साथ कोठवर आली ते कळत होते. तरी घाबरून लोकांनी माकडेच मारली, खरा वाहक डास होता. त्याच साथीत सोनेरी सिंह-टामरिन या अतिशय दुर्मीळ माकडांपैकी सुमारे एक-तृतीयांश गेली, आणि मग उरलेल्यांना लस टोचण्याचे काम हाती घ्यावे लागले.

त्याच सोनेरी टामरिनांसाठी तेथे हमरस्त्यावर माती भरून, झाडे लावून पूल केला गेला आहे. एवढे मोठे काम शाळेच्या आवाक्यातले नाही, पण कुळागराच्या आणि गावाच्या पातळीवर पुष्कळ करता येते. गावात देवाची राई असेल, केरीच्या आजोबाच्या राईसारखी, तर तिथून डोंगरापर्यंत झाडांची सलग ओळ आहे का, हे मुलांबरोबर चालत जाऊन कागदावर उतरवून घ्या. जिथे ओळ तुटते तिथे आकेशिया किंवा आणखी काजू न लावता उंबर, वड, जांभूळ, भिरंड, किंदळ, माट्टी लावा. रस्त्यावर दोन्ही बाजूंच्या फांद्या भेटत असतील तर त्या छाटण्याआधी वरून कोणता कळप जातो ते आठवडाभर पाहून ठेवा आणि पंचायतीला लेखी कळवा. विजेची तार फांदीजवळून जात असेल तर तिच्यावर आवरण घालण्याची मागणी करा. आठवीच्या मुलांना वर्षभर एकाच कळपाची वही ठेवायला सांगा: किती माद्या, किती पिल्ले, काय खाल्ले, कुठून पार झाले. अशा वह्या मी पाहिल्या आहेत आणि माझ्या स्वतःच्या नोंदींइतक्याच मी त्या विश्वासाने वापरतो.

एका मुलाने गिबन प्रत्यक्ष कुठे पाहता येईल असेही विचारल्याचे आपण शेवटी लिहिले आहे. हूलोंगापारला जायचे तर मरियानी स्थानकावर उतरावे. अभयारण्य तेथून जवळ आहे. नोव्हेंबर ते मार्च हा काळ चांगला. उजाडण्याआधी फाटकाशी पोहोचावे, वनरक्षकाबरोबरच आत जावे, आणि वर पाहत चालण्यापेक्षा एका जागी थांबून ऐकावे. धुके वर सरकू लागले की काळा नर आणि पिंगट मादी मिळून गाऊ लागतात; हू-कू, हू-कू असा एकातून एक निघणारा आवाज दहा-पंधरा मिनिटे चालतो आणि मैलभर ऐकू जातो. गाणे थांबले की त्या दिशेने हळू चालत जावे, फळलेले झाड शोधावे आणि त्याच्या खाली न जाता थोडे दूर बसावे.